चाळीस माणसांचं पुस्तक

एका पुस्तकाच्या अकराशे प्रती दहा बाय बाराच्या खोलीत ठेवल्या तर माणसांनी कुठे झोपायचं, हा प्रश्न शालेय गणितात घालायला हवा. आमच्या घरी तो प्रत्यक्ष सोडवावा लागला. आईने उत्तर काढलं, "पुस्तकं आत, विलास बाहेर." आईचं शिक्षण चौथीपर्यंत आणि मी बी.एस्सी., केमिस्ट्री, सेकंड क्लास. पण उत्तर तिचंच बरोबर आलं.

मी पिंपरीच्या एका कारखान्यात प्रयोगशाळेत कामाला होतो. ओतकामाचे नमुने यायचे. त्यात कार्बन किती, गंधक किती, ते मी काढायचो. दुपारी जेवायला सगळे कौशल्याबाईंच्या खाणावळीत जायचे. बाई मूळच्या बीडकडच्या. बहात्तरच्या दुष्काळात नवऱ्याबरोबर इकडे आल्या, दोन वर्षांत नवरा गेला, आणि हायवेच्या कडेला पत्र्याच्या शेडमध्ये त्यांनी चूल मांडली. सगळा कारखाना त्यांना मावशी म्हणायचा. अठ्ठ्याहत्तरच्या डिसेंबरात रस्तारुंदीची नोटीस आली. शेड मार्चअखेर पाडणार होते.

त्याच सुमारास आमच्या कंपनीच्या कँटीनचा ठेकेदार सोडून गेला आणि नव्या ठेक्यासाठी अर्ज मागवले गेले. मावशींनी अर्ज करावा, असं पंगतीत एकमताने ठरलं. मी फॉर्म भरायला घेतला. नाव, पत्ता झाला. चौथा रकाना होता, 'पात्रता व अनुभव. पुराव्यादाखल छापील कागदपत्रे तीन प्रतींत जोडावीत.'

"मावशी, काही कागद आहे का?"

"रेशनकार्ड हाय."

"ते नाही चालणार. स्वयंपाक येतो याचा कागद."

मावशींनी माझ्या ताटाकडे पाहिलं. ते चाटूनपुसून लख्ख होतं. "आरं, मग ह्ये काय हाय?"

ताट तीन प्रतींत जोडता येत नव्हतं. दुसरा एक अर्जदार मुंबईचा डिप्लोमावाला आहे, त्याच्याकडे सोनेरी किनारीचं सर्टिफिकेट आहे, अशी बातमी होती. तेव्हा माझ्या तोंडून ते वाक्य गेलं. शेजारी बसलेल्या हिंदुरावांनी ते ऐकलं नसतं तर पुढचं काहीच घडलं नसतं.

"मावशींचं पुस्तक काढू या," मी म्हणालो.

हिंदुराव आमचे शेजारी आणि असेंब्ली लाइनचे फोरमन. त्यांचा आवाज प्रेसशॉपच्या वरून ऐकू जातो. "ऐकलं का रे!" ते उठून उभे राहिले. "विलासराव मावशींचं पुस्तक काढणार! मार्चच्या आत!"

पंगतीने टाळ्या वाजवल्या. माघार घ्यायला विज्ञानात मार्ग असतो, पंगतीत नसतो.

*

लिहून घेण्यापासूनच अडचणी सुरू झाल्या. मावशींच्या स्वयंपाकात एकच माप होतं, मूठ. मला ते अशास्त्रीय वाटलं. मी प्रयोगशाळेतला तराजू आणला आणि मावशींना वीस वेळा मूठभर तूरडाळ घ्यायला लावली. सरासरी आली सत्तेचाळीस ग्रॅम. फरक? एखादा ग्रॅम इकडे, एखादा तिकडे. मग मी त्याच तराजूवर एकच वजन वीस वेळा ठेवून पाहिलं. तराजू दीड ग्रॅमने हलत होता. तो मी मुकाट्याने परत नेऊन ठेवला.

दुसरी अडचण अधिक गंभीर होती. मावशींची प्रत्येक कृती चाळीस माणसांची होती.

"मावशी, चार माणसांसाठी सांगा ना. पुस्तकात चारच असतात."

"चारांचं मला येत न्हाई, बाळा."

"दहाने भागायचं."

"आन् फोडणी? ती बी दहानं भागू? मोहरी मोजत बसशील का?"

मी भागून पाहिलं. आईने करून पाहिलं. चव गेली. का गेली याची तीन कारणं मी सांगू शकतो, पण ती उष्णतावहनाची आहेत, तेव्हा राहू दे. पुस्तकाचं नाव ठरलं, 'चाळीस माणसांचा स्वयंपाक'.

हस्तलिखित घेऊन मी पुण्याला अप्पा बळवंत चौकात एका प्रकाशकाकडे गेलो. सज्जन माणूस. त्यांनी मला चहा दिला आणि प्रकाशनव्यवसाय समजावून सांगितला. तो मी वहीत टिपून घेतला, कारण असं ज्ञान कुठल्याही पुस्तकात मिळत नाही. पुस्तक अकराशे छापायचं. हजार विकायला, शंभर फुकट मागणाऱ्यांना. हजारातलं निम्मं सरकारी ग्रंथालयं घेतात. राहिलेलं हळूहळू जातं. 'हळूहळू' म्हणजे किती, असं मी विचारलं. ते म्हणाले, "माझ्या वडिलांनी छापलेली काही अजून जातायत."

"म्हणजे वाचक?"

"वाचक असतो की," ते म्हणाले. "पण त्याला धरून चालायचं नसतं."

मग त्यांनी हस्तलिखित चाळलं. "पाककृती उत्तम खपतात. कादंबरी उधार जाते, पाककृती रोखीने. पण अहो, चाळीस माणसं? घरातल्या बाईने हे घ्यायचं कशाला? लग्नाला आचारी असतो आणि आचारी वाचत नाही." तरीही छापू म्हणाले. फक्त रांग दोन वर्षांची होती.

"मला नऊ आठवडे आहेत."

"मग स्वतःच काढा. आजकाल सगळेच काढतात," ते हसले. "आणखी दहा वर्षांनी तर काय, हे अक्षरांचे खिळे, शिसं सगळं मोडीत जाईल. फोटो काढून छापतील. तेव्हा कुणीही उठेल आणि पुस्तक काढेल." ते हे मोठ्या संकटासारखं सांगत होते. मला मात्र ते निमंत्रणासारखं ऐकू आलं.

*

चिंचवड गावठाणात चिमाजीअण्णांचा छापखाना होता. लग्नपत्रिका, जत्रेची हँडबिलं आणि दशक्रियेची पत्रं, एवढाच त्यांचा संसार. पुस्तक त्यांनी कधी छापलं नव्हतं, पण नाही म्हणणं त्यांच्या स्वभावात नव्हतं. कागदासाठी पंगतीने वर्गणी काढली आणि फेब्रुवारीत काम सुरू झालं.

छपाईची पद्धत मला फार आवडली. शिशाचा एकेक खिळा उचलून ओळ जुळवायची. आठ पानं जुळली की ती एका मोठ्या कागदावर छापायची. त्या कागदाला घडी घातली की आठ पानांची जुडी होते. तिला फॉर्म म्हणतात. आमचे बारा फॉर्म होणार होते. चिमाजीअण्णांकडे खिळे होते एका फॉर्मपुरते. म्हणजे पहिला फॉर्म छापून खिळे मोकळे केल्याशिवाय दुसरा जुळवता येत नव्हता, आणि मी प्रूफ तपासून दिल्याशिवाय पहिला छापता येत नव्हता. बारा वेळा हेच.

चौथ्या दिवशी अण्णांनी मला बोलावलं. चेहरा उतरलेला.

"मास्तर, आकडं सपलं."

"कसले आकडे?"

"आवो, लग्नपत्रिकंत आकडं किती? तारीख आन् मुहूर्त. तुमच्या पुस्तकात वळीवळीला ग्राम! पाचशे ग्राम, साडेसातशे ग्राम. शून्य तर एक न्हाई ऱ्हायलं. आता पानाला नंबर कुठनं घालू?"

"पण पानाला नंबर पाहिजेच."

"कशाला? पान काय पळून चाललंय?"

मी 'ग्रॅम' सोडायला तयार नव्हतो. वैज्ञानिक तत्त्वाचा प्रश्न होता. तेव्हा पानांचे आकडे गेले. फॉर्मच्या तळाशी एक बारीक क्रमांक घालतात, तोही गेला. अण्णा म्हणाले, प्रत्येक गठ्ठ्यावर निळ्या पेन्सिलीने लिहून देतो. मग मी विनंती केली की निदान प्रत्येक पदार्थ नव्या पानावर सुरू करा. त्यावर ते खरोखर दुखावले. "कोरा कागद सोडू? कागद काय झाडाला लागतो?" लागतो, असं मी म्हणणार होतो, पण आमचे संबंध तोवर नाजूक झाले होते. पदार्थ एकामागे एक सलग वाहू लागले. पुरणपोळी एका फॉर्ममध्ये सुरू व्हायची आणि पुढच्यात संपायची.

प्रूफं मी संध्याकाळच्या पंगतीत वाचायचो. मावशींना वाचता येत नसल्यामुळे मोठ्याने वाचावं लागे. त्या भाकरी थापता थापता ऐकत आणि मध्येच "न्हाई, हिंग आधी" म्हणत. पण पंगत काही भाकरी थापत नव्हती. तिला तोंड मोकळं होतं. रत्नागिरीचा एक वेल्डर प्रत्येक पदार्थात ओलं खोबरं घालू पाहायचा. सोलापूरचा म्हणायचा, शेंगदाण्याचा कूट नाही ते पुस्तक कसलं? मटणाच्या रश्शावरून दोन जिल्हे एक आठवडा बोलत नव्हते. बोटं मात्र सगळ्यांची प्रुफावर.

"मास्तर," अण्णा तो कागद उजेडाकडे धरून विचारायचे, "ह्यो रस्सा हाय का दुरुस्ती हाय?"

मी वास घेऊन सांगायचो.

*

दहा मार्चला अर्जाची मुदत, वीसला मुलाखती. एक मार्चला बारावा फॉर्म छापून झाला. अकराशेचे बारा गठ्ठे हातगाडीवरून आमच्या कॉलनीत आले आणि तेव्हा समजलं की बांधणीवाला मोकळा नाही. एक एप्रिलला नवं आर्थिक वर्ष. साऱ्या पेढ्यांच्या खतावण्या तो बांधत होता. एप्रिलनंतर या म्हणाला.

मी घराच्या पायरीवर बसून राहिलो. हिंदुराव आले.

"काय झालं, प्रकाशक?"

मी सांगितलं.

"बांधणी म्हणजे काय रे? बारा पार्ट एकावर एक ठेवायचे, भोकं पाडायची, ओवायचं. ही असेंब्ली आहे! स्कूटर जोडतो आम्ही, पुस्तक जोडता येणार नाही?"

त्यांच्या बोलण्यात एक विलक्षण गुण आहे. ते बोलत असताना पटतं.

आठवडाभर कॉलनीतल्या प्रत्येक घरात घड्या घालणं चाललं. उलथन्याच्या पाठीने घडी दाबली की ती सुरेख बसते, हा शोध हिंदुरावांच्या पत्नी मंजुळाबाईंचा. रविवारी सकाळी मैदानात लग्नाची टेबलं ओळीने मांडली. बारा टेबलांवर बारा गठ्ठे, एक ते बारा. भोसरीच्या एका वर्कशॉपमधून ड्रिलिंग मशीन आणलं होतं. भोकं पाडून जाड दोऱ्याने ओवायला वेगळी तुकडी. हिंदुराव शिट्टी घेऊन खुर्चीवर उभे.

"नीट ऐका! पहिल्याने आपली जुडी उचलायची, उजवीकडच्याला द्यायची. त्याने आपली खाली लावायची, उजवीकडे द्यायची. उजवीकडे! बाकी काही विचार करायचा नाही. विचार करायला मी आहे."

सात ते अकरा पहिली शिफ्ट, अकरा ते तीन दुसरी. माझ्याकडे क्वालिटी कंट्रोल. मी व्हर्नियर घेऊन दर दहावं पुस्तक मोजत होतो. जाडी साडेनऊ मिलिमीटर, फरक दोन दशांशाच्या आत. मोजलेल्या प्रत्येक पुस्तकावर मी पेन्सिलीने लहानशी खूण केली. आयुष्यात इतकं समाधान मला क्वचितच मिळालं असेल. कॉलनीतल्या बायका रांगेने कव्हर चिकटवत होत्या. कव्हरवर मावशींचं नाव, तांबड्या शाईत, लग्नपत्रिकेच्या सर्वांत मोठ्या टाइपात. मावशी आल्या, त्यांनी नावावरून बोट फिरवलं.

"ह्ये मी?"

"तुम्हीच."

"लई लांब हाय की."

अकराला शिट्टी झाली, शिफ्ट बदलली. ऊन आता टेबलांच्या अलीकडच्या बाजूला आलं होतं. दुसऱ्या शिफ्टचे लोक शहाणे. ते पलीकडच्या बाजूला, झाडाच्या सावलीत बसले आणि कामाला लागले. उजवीकडे देत.

इथे वाचकाला क्षणभर थांबायची विनंती आहे. टेबलाच्या अलीकडे बसलेल्याची उजवी बाजू आणि पलीकडे बसलेल्याची उजवी बाजू एकमेकींच्या उलट असतात. हे लहान मुलालाही कळतं. मैदानात त्या वेळी साठ प्रौढ माणसं होती, त्यांत एक पदवीधर. कुणाला कळलं नाही. दुसऱ्या शिफ्टची पुस्तकं बाराव्या फॉर्मपासून सुरू होऊन पहिल्यावर संपत होती. पानांना आकडे नव्हते. कव्हर सारखंच होतं. आणि मी दर दहावं पुस्तक मोजत होतो. सुलटं पुस्तक आणि उलटं पुस्तक यांची जाडी अगदी सारखी असते, हा निष्कर्ष मी आज कुठल्याही परिषदेत मांडायला तयार आहे.

*

तीन प्रती निवडताना मी सर्वांत नीटस पाहून निवडल्या. साहजिकच त्या दुसऱ्या शिफ्टच्या निघाल्या. पहिल्या शिफ्टचा हात बसला नव्हता. तीही पुस्तकं मी उघडून पाहिली नाहीत. चार आठवडे तीच पानं वाचून मला मोहरी हा शब्दही सहन होत नव्हता.

कंपनीच्या ऑफिसातल्या आवक कारकुनाने तिन्ही पुस्तकं टेबलावर ठेवली.

"मूळ कोणती?"

"तिन्ही मूळच आहेत."

"तिन्ही मूळ कशा असतील? मूळ एकच असते. बाकीच्या दोन नकला. नकला साक्षांकित पाहिजेत."

"अहो, छापील पुस्तक आहे. छापील म्हणजे सगळ्या प्रती सारख्या."

"तेच म्हणतोय. सारख्या आहेत असं कुणीतरी सहीनिशी म्हणायला हवं."

छपाईचा शोध लागून पाचशे वर्षं झाली, पण हा मुद्दा कुणी निकालात काढलेला नव्हता, हे खरं. मी गावातल्या शाळेच्या हेडमास्तरांकडे गेलो. त्यांनी दोन प्रतींच्या पाठीवर शिक्का मारला, 'मुळाबरहुकूम खरी नक्कल'. तिन्ही सारख्याच उलट्या होत्या, म्हणजे त्या सगळ्या प्रकरणात अचूक ठरलेली एकमेव गोष्ट हा शिक्का.

सोळा मार्चला हिंदुरावांकडे त्यांचे सासू-सासरे आले. मंजुळाबाईंनी शेवयांची खीर केली. वीस वर्षं करत होत्या. पण घरात पुस्तक आलेलं, आणि घड्या स्वतः घातलेल्या, म्हणून या वेळी पुस्तक समोर उघडून केली. अर्ध्या तासाने हिंदुराव आमच्या दारात वाटी घेऊन उभे होते.

"खा."

मी एक चमचा खाल्ला. खिरीला लसणाची कडकडीत फोडणी होती.

"पुस्तकात आहे," मागून मंजुळाबाई म्हणाल्या. "खीर दाटसर झाली की वरून ठेचलेल्या लसणाची फोडणी ओतून झाकण ठेवावे."

"पण वहिनी, तुम्हाला विचित्र नाही वाटलं?"

"वाटलं की. पण छापलंय म्हटल्यावर काहीतरी कारण असेल."

मी पुस्तक हातात घेतलं. एकदा पाहिलं. आत गेलो, गठ्ठे काढले, मोजले. पाचशे एकसष्ट सुलटी, पाचशे छत्तीस उलटी. ऑफिसात गेलेल्या तिन्हींवर ड्रिलच्या भोकाभोवती, दुसऱ्या शिफ्टच्या सुरुवातीला मशीनमध्ये भरलेला काळा ग्रीस होता, हे मला स्वच्छ आठवत होतं. तेव्हा मला वाटलं होतं, किती गोल भोक आहे.

"माझ्या लाइनमध्ये चूक नाही," हिंदुराव म्हणाले. "उजवीकडे म्हटलं, उजवीकडेच दिलं." आणि वाटीतली खीर तावातावाने संपवून गेले.

मी तसाच सुलट्या तीन प्रती घेऊन कारकुनाकडे पळालो.

"बदलून द्यायच्यात? जमणार नाही. आवक झाली."

"त्यांत चूक आहे हो."

"असं लेखी द्या. तीन प्रतींत. अर्जदाराच्या सहीने, की मी जोडलेल्या पुराव्यात चूक आहे." त्याने कागद पुढे सरकवला. "देता?"

मी कागद परत सरकवला.

त्या संध्याकाळी मी मावशींना सगळं सांगितलं. त्या तवा घासत होत्या. बाहेर शेडच्या खांबावर मोजणीवाल्यांनी चुन्याची फुली मारली होती. मला वाटलं रागावतील. त्या म्हणाल्या, "तू जेवलास का?" मी नाही म्हणालो. "जेव मग," म्हणाल्या आणि तवा घासत राहिल्या. त्या रागावल्या असत्या तर मला बरं वाटलं असतं.

*

मुलाखतीला मी 'लेखनिक' म्हणून त्यांच्याबरोबर आत गेलो. समोर कामगार अधिकारी निंबाळकर साहेब आणि शेजारी आणखी दोघे. डिप्लोमावाला आमच्या आधी बाहेर पडला होता. त्याचा टाय मला विसरता येत नव्हता. मावशींनी इरकली नेसली होती. खुर्चीवर बसायला सांगितल्यावर त्या अगदी काठावर टेकल्या.

साहेबांनी पुस्तक उघडलं. उलटं.

"बाई, हे तुम्ही लिहिलंत?"

"म्या सांगितलं. ह्यानं लिवलं."

"हं." ते वाचू लागले. "हरभऱ्याची डाळ चार किलो... गूळ... पुरण घट्ट होत आले की त्यात..." पान उलटलं. "त्यात सुकट धुऊन, निथळून टाकावी." त्यांनी चष्मा काढला. "पुरणात सुकट?"

शेजारचे एक जण खोकले. मी खिडकीबाहेर पाहू लागलो. तिथून खाली उडी मारली तर फक्त एक मजला होता.

"थांबा, सायेब," मावशी म्हणाल्या. "पुरणात माझ्या सुकट न्हाई. ती वांग्यातली. पुरण घट्ट झालं की त्यात जायफळ अर्धं किसून, यलदोडं पंधरा कुटून. मग पुरण गरम हाय तवरच वाटायचं, गार झालं की पाटा मोडंल पर पुरण न्हाई वाटायचं. पुढं कणकंचं हाय."

साहेबांनी पुढची पानं चाळली, मागची चाळली. मग शोधून सापडलं. ते मनातल्या मनात वाचू लागले. ओठ हलत होते. पंधरा वेलदोड्यांपाशी थांबले.

"आता हे ऐका," ते म्हणाले. आवाजात थोडा खेळ आला होता. "मुगाची खिचडी. तांदूळ आणि डाळ धुऊन, हळद लावून अर्धा तास ठेवावी. नंतर..." पान उलटलं. "नंतर तिचे काटे काढून—"

"मासा आलाय मधी. मरळीचा. खिचडीला म्होरं कांदा लाल करायचा हाय, दोन किलो."

"आणि मरळीच्या आधी काय होतं?"

"मरळ धुताना मिठानं चोळायची. चार पाणी."

खोकणारे गृहस्थ आता पुढे झुकले होते. "शेवया?" त्यांनी विचारलं.

"त्यात लसूण निघंल," मावशी शांतपणे म्हणाल्या. "ती ठेच्याची फोडणी. आमच्या हिंदुरावाच्या घरी लोकांनी खाल्ली बी."

मग त्या उठल्या. टेबलावरची कागद कापायची सुरी उचलली, "घिऊ?" असं विचारलं आणि उत्तराची वाट न पाहता पुस्तकाचा दोरा कापला. कव्हर ओढून काढलं. बारा जुड्या सुट्या झाल्या.

"सायेब, एकेकीची पयली वळ वाचा."

कामगार अधिकारी वाचू लागले. त्यांनी एक ओळ वाचायची, मावशींनी "ही म्होरं" म्हणून जुडी उचलायची आणि टेबलावर ठेवायची. "ही तिच्या मागं. ही सातवी. न्हाई, हिच्या आधी भाकरी यायची हाय, थांबा." चार आठवडे पंगतीत मी वाचत होतो आणि त्या थापत होत्या. पंगत भांडत होती. मला वाटत होतं की कुणीच ऐकत नाही. मावशींच्या डोक्यात ते पुस्तक अखंड होतं, हिंगापासून विड्यापर्यंत, दुरुस्त्यांसकट. निळ्या पेन्सिलीची गरज फक्त आम्हा वाचता येणाऱ्यांना होती.

बारावी जुडी ठेवून त्यांनी हात पदराला पुसले. टेबलाच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत पुस्तक सरळ पडलं होतं.

निंबाळकर साहेबांनी पहिल्या जुडीपासून शेवटच्या जुडीपर्यंत सांधे तपासले. प्रत्येक वाक्य पुढच्या जुडीत जाऊन पोचत होतं. मग ते शेजारच्यांना म्हणाले, "त्या आधीच्या गृहस्थांचं सर्टिफिकेट कापून असं जोडता येईल का हो कुणाला?" आणि फॉर्मच्या चौथ्या रकान्यात त्यांनी काहीतरी लिहिलं. मी मान लांब करून वाचलं. 'पात्रता पाहिली.' खाली सही.

"एक तारखेपासून सुरू कराल?"

"आज काय शिजवलंय तुमच्यात?" मावशींनी विचारलं.

"सध्या बाहेरून पाव-मिसळ मागवतो. सेकंड शिफ्टचे लोक ओरडतायत."

"कोठार उघडं हाय का?"

"हो, पण—"

मावशींनी पदर खोचला. चूल कुठल्या बाजूला, एवढं विचारलं आणि निघाल्या. थोड्या वेळाने खालून मोठं पातेलं फरशीवर ओढल्याचा आवाज आला. तिन्ही अधिकाऱ्यांनी एकदम घड्याळाकडे पाहिलं.

मी बारा जुड्या क्रमाने गोळा करत होतो. साहेबांचं लक्ष माझ्याकडे गेलं.

"तुम्ही कोण म्हणालात?"

लेखनिक, असं फॉर्ममध्ये होतं. पण त्या क्षणी मला ते कमी वाटलं. मी ताठ उभा राहिलो.

"मी प्रकाशक," मी म्हणालो.

"मग इथे काय करताय?" निंबाळकर साहेब म्हणाले. "बाई एकट्या गेल्यात खाली. कांदे कोण चिरणार?"